मदत हवी आहे: पावसाळ्यात भामरागडला शूट, बॅटऱ्या आणि बुरशीचं काय करू?

नमस्कार मंडळी. मी कोथरूडचा. पोटापाण्याला लग्नं शूट करतो, जीव मात्र माहितीपटात. आता पहिलंच मोठं काम मिळालंय: ऑगस्टमध्ये २५ दिवस गडचिरोलीत, भामरागडकडच्या माडिया आदिवासींच्या पाड्यांवर. पर्लकोटा नदीला पूर आला की रस्ता बंद, आणि लाईट कधी जाईल याचा नेम नाही.

माझ्याकडे ९८ वॉट-अवरच्या ४ व्ही-माउंट (कॅमेऱ्याच्या मागे लावायच्या मोठ्या) बॅटऱ्या आहेत. ढगाळ हवेत सोलर पॅनलवर त्या चार्ज होतात का, की छोटा जनरेटरच न्यावा? त्याच्या आवाजाने साउंडवाला माझा जीव घेईल, ते वेगळंच.

दुसरं म्हणजे लेन्स. गेल्या पावसाळ्यात वेल्ह्याहून आलो आणि ५० एमएमच्या आत कोळिष्टकासारखी बुरशी दिसली. सिलिका जेल भरलेला हवाबंद डबा पुरतो का? आई म्हणते, तांदळाच्या डब्यात ठेव. तिला काय सांगू!

आणि खरी धाकधूक वेगळीच आहे. मला माडिया भाषा येत नाही. दुभाषा गावातलाच घ्यावा का? पहिले काही दिवस कॅमेरा बॅगेतच ठेवावा, असं वाटतंय, पण निर्माते रोजचं फुटेज मागतात. त्यांना कसं पटवता?