लघवीत सूक्ष्म रक्त, लक्षणं नाहीत: कोड कुठला?

प्रश्न: अमेरिकन युरॉलॉजीचा (मूत्रविकार विभागाचा) चार्ट. मायक्रोस्कोपीत ५ आरबीसी (लाल रक्तपेशी) प्रति एचपीएफ (मायक्रोस्कोपचं एक मोठं करून पाहिलेलं दृश्यक्षेत्र). जळजळ, ताप काही नाही. आयसीडी-१०-सीएममधला (अमेरिकेतली निदानांच्या कोडची यादी) आर३१.२ चालेल?

उत्तर १: नाही. १ ऑक्टोबर २०१६ पासून तो अपुरा आहे, पुढचा अंक लागतोच. लक्षणविरहित असेल तर आर३१.२१, इतर सूक्ष्म रक्तासाठी आर३१.२९. मात्र निदान डॉक्टरांच्या नोटमध्ये हवं. नुसता लॅबचा आकडा बघून कोड लावायचा नाही, डॉक्टरांना क्वेरी (खुलाशाची विचारणा) टाका.

उत्तर २: डिपस्टिकवर (लघवीत बुडवायची चाचणीपट्टी) विसंबू नका. एयूएच्या (अमेरिकन युरॉलॉजिकल असोसिएशन) व्याख्येत मायक्रोस्कोपखाली प्रति एचपीएफ ३ किंवा जास्त आरबीसी लागतात.

उत्तर १: हो, आणि रक्तासह तीव्र सिस्टायटिस (मूत्राशयाचा दाह) लिहिलं असेल तर फक्त एन३०.०१. सोबत आर३१ लावलात तर एक्सक्लूड्स-१ (हे कोड एकत्र लावायचे नाहीत, ही सूचना) मोडतं.