आमदार म्हणतात 'मानधन घेणार नाही'. मग महामंडळ घेतलं तरी आमदारकी शाबूत राहते का?

सतरंजीवाला:
मंडळी, एक शंका. आमच्या आमदारांचं मंत्रिपद या वेळीही हुकलं. आता एका महामंडळाचं अध्यक्षपद देणार म्हणतात, राज्यमंत्र्याच्या दर्जाचं. परवा संपर्क कार्यालयात साहेबांनीच विषय काढला, "मी एक रुपयाही मानधन घेणार नाही, म्हणजे लाभाचं पद वगैरे भानगडच नाही." सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. मीही पिटल्या, पण डोक्यात किडा वळवळतोय. सरकारकडून लाभाचं पद, म्हणजे पैसा मिळवून देणारं पद, घेतलं तर आमदारकी जाते म्हणतात. मग मानधन नाकारलं की सुटले का? आणि कुणी तक्रार केली तर निकाल विधानसभा अध्यक्षच देणार ना? मग चिंता नाही, ते आपलेच आहेत.

खडूस:
काही होत नाही हो. टाळ्या चालू ठेवा.

जमाखर्च:
सतरंजीवाले, माझी सगळी नोकरी एका महामंडळाच्या लेखा शाखेत गेली, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पैसे घेतले की नाही, हे न्यायालय बघत नाही. पदातून आर्थिक लाभ मिळण्यासारखा आहे का, ते बघतं. जया बच्चन यांचं प्रकरण आठवा. २००४ मध्ये उत्तर प्रदेश चित्रपट विकास परिषदेचं अध्यक्षपद मिळालं. नेमणुकीच्या आदेशात महिना ५,००० रुपये मानधन, १०,००० रुपये आतिथ्यखर्च, चालकासह गाडी, दूरध्वनी, स्वीय सहायक, शिपाई, असं सगळं होतं. त्यांचं म्हणणं, मी यातलं काहीच घेतलं नाही. तरी मार्च २००६ मध्ये राज्यसभेची खासदारकी गेली आणि मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही ते कायम केलं. पद लाभाचं ठरलं, खिशात काय आलं हा मुद्दाच नाही.

आता 'मानधन नको' वाल्यांबद्दल. आमच्याकडे असे एक अध्यक्ष होऊन गेले. त्यांचं पत्र आधी वर्तमानपत्रात आलं, आवक-जावकला नंतर. मानधनाचा रकाना शेवटपर्यंत कोरा राहिला हे खरं. पण गाडीचं लॉगबुक माझ्या टेबलावर यायचं. लग्नसराईत त्यांच्या मतदारसंघाच्या फेऱ्या वाढायच्या आणि प्रयोजनाच्या रकान्यात एकच ओळ, 'प्रकल्प पाहणी'. त्या तालुक्यात आमचा प्रकल्प नव्हता. मी पेन्सिलीने प्रश्नचिन्ह काढायचो, वरून ते खोडून परत यायचं.

उलट बाजूही सांगतो. फक्त येण्याजाण्याचा आणि बैठकीचा भत्ता असेल तर न्यायालय सहसा लाभ मानत नाही. १९५४ सालच्या म्हैसूरकडच्या प्रकरणात तालुका समितीच्या अध्यक्षांना बैठकीमागे ६ रुपये मिळत, तो पदरचा खर्च भरून देणं आहे असं ठरलं. याउलट शिबू सोरेन यांना झारखंड क्षेत्र स्वायत्त परिषदेतून महिना मानधन, वर भत्ता, घर, गाडी असं होतं. त्याला नुसतं मानधन म्हटलं म्हणून भागलं नाही, २००१ मध्ये त्यांची राज्यसभेची निवड रद्द ठरली.

एवढं सांगून म्हणतो, तुमचे साहेब बहुधा वाचतील. त्यांच्या त्यागामुळे नव्हे, सवलतीच्या यादीमुळे. राज्यघटनेच्या अनुच्छेद १९१ मध्येच मुभा आहे की विधिमंडळाने कायद्याने सूट दिलेलं पद असेल तर अपात्रता नाही. आपल्या राज्याचा असा कायदा १९५६ पासूनचा आहे, संसदेचा १९५९ चा. २००६ मध्ये संसदेने पन्नासच्या वर पदं एका झटक्यात या यादीत घातली, तीही पूर्वलक्षी प्रभावाने, म्हणजे मागच्या तारखेपासून. राष्ट्रपती कलामांनी विधेयक परत पाठवलं, संसदेने तेच पुन्हा मंजूर केलं, मग त्यांना सही करावी लागली. चोरानेच कुलूप बसवावं असा प्रकार. त्यातच ९१ व्या घटनादुरुस्तीने मंत्र्यांची संख्या १५ टक्क्यांवर बांधली. २८८ आमदारांत मुख्यमंत्री धरून ४३. बाकीचे नाराज कुठे बसवणार? महामंडळावर.

मला खटकतं ते वेगळंच. आमदाराने सरकारला जाब विचारायचा. पण ज्याची खुर्ची एका शासन निर्णयाने येते आणि दुसऱ्याने जाते, तो काय विचारणार? विधिमंडळाची सार्वजनिक उपक्रम समिती आमच्या हिशेबांवर बसायची तेव्हा साक्षीला घाम पुसत आमचे व्यवस्थापकीय संचालक. अध्यक्ष मात्र समितीतल्या सदस्यांबरोबर दुपारी एका टेबलावर जेवायला.

काळा कोट:
जमाखर्चकाकांनी तक्रारीचा मुद्दा सोडला, तो मी घेते. विधानसभा अध्यक्ष पक्षांतराची प्रकरणं बघतात. लाभाच्या पदाची तक्रार अनुच्छेद १९२ खाली राज्यपालांकडे जाते. ते निवडणूक आयोगाचं मत मागवतात आणि त्याप्रमाणेच निर्णय द्यावा लागतो. तेव्हा सतरंजीवाले, 'आपले अध्यक्ष' इथे कामाचे नाहीत. आणि हे निवडून आल्यानंतर पद घेतलं तर. अर्ज भरतानाच पद असेल तर निकालानंतर ४५ दिवसांत उच्च न्यायालयात निवडणूक याचिका.

मात्र लगेच आमदारकी जाते असंही समजू नका. दिल्लीत संसदीय सचिव, म्हणजे मंत्र्यांचे मदतनीस, म्हणून नेमलेल्या आमदारांपैकी २० जणांना जानेवारी २०१८ मध्ये अपात्र ठरवलं. त्यांची बाजू नीट ऐकली नाही म्हणून मार्चमध्ये उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द करून प्रकरण आयोगाकडे परत पाठवलं.

सतरंजीवाला:
बाप रे. म्हणजे आधी यादी बघायला हवी?

जमाखर्च:
हो, आणि तारीखही. दिल्लीत नेमणुका मार्च २०१५ च्या, त्या पदाला सूट देणारं विधेयक त्यानंतर जूनमध्ये. राष्ट्रपतींनी २०१६ मध्ये त्याला मान्यता नाकारली आणि सगळं अंगावर आलं. म्हणून पदाचं नेमकं नाव अनुसूचीत, म्हणजे कायद्याला जोडलेल्या यादीत, आहे का ते नेमणुकीच्या आधी तपासा. 'अध्यक्ष' आहे आणि नेमणूक 'कार्याध्यक्ष' म्हणून झाली तर विरोधकांचा वकील तिथेच बोट ठेवेल.

सतरंजीवाला:
पण साहेबांना सांगू कसं? त्यांना वाटेल मी फितूर झालो.

काळा कोट:
तुम्ही बोलूच नका. कायद्याची प्रत काढून पीएच्या हातात द्या. नोकरी त्याचीही टांगणीला आहे, तो बरोबर वाचेल.

खडूस:
आणि गाडी आली की लॉगबुक कोण लिहितं तेही बघून ठेवा.