वाटणी जमिनीची, गादीची नव्हे

मध्ययुगीन वेल्सबद्दल असं म्हटलं जातं की तिथे राजा मेला की राज्याचे मुलांत तुकडे पडत, म्हणून ते लोक कधी एक झाले नाहीत. अर्धंच पटलं.

वाटणीचा कायदा (कव्रान) होता, पण तो जमिनीचा. त्यात धाकटा वाटे पाडायचा आणि निवडताना पहिला मान थोरल्याचा. म्हणजे धाकटा मुद्दाम वाकडा वाटा पाडणारच नाही! शिवाय वडिलांचं राहतं घर, मोठी कढई, कुऱ्हाड आणि नांगराचं पातं धाकट्याकडे. बापाने आपला म्हटलेल्या अनौरस मुलालाही वाटा मिळे.

राजपदासाठी मात्र कायद्याच्या पोथ्या एकच वारस सांगतात, एडलिंग. गंमत म्हणजे हा शब्दच मुळात इंग्रजांकडून उसना. आणि उपलब्ध पोथ्या तेराव्या शतकापासूनच्या, त्यामुळे दहाव्या शतकात हे कितपत पाळलं जाई याबद्दल जरा जपूनच बोलावं.

व्यवहारात चालली ती शुद्ध भाऊबंदकी. ९५० मध्ये वेल्सच्या बऱ्याच भागाचा राजा हवेल दा वारला आणि उत्तरेतलं ग्विनेध राज्य त्याच्या मुलांकडे न राहता तिथला आधीचा राजा इदवाल याच्या मुलांकडे, यागो आणि येयावकडे, परत गेलं. पुढे ९६९ मध्ये यागोने सख्ख्या भावाला, येयावला, कैदेत टाकलं. ९७४ मध्ये तिसरा भाऊ मायरिग, त्याचे तर डोळेच काढले गेले. आंधळा माणूस गादीवर बसू शकत नाही, एवढा साधा हिशोब. ९७९ मध्ये येयावच्या मुलाने यागोला हाकललं.

यात कायद्याने पडलेली वाटणी कुठे दिसते? मला तर ज्याच्या हाती ससा तो पारधी एवढंच दिसतं.