‘सोयरा’ हे मुलीचे नाव : अर्थ, लिंग आणि पूर्वपीठिका

प्रश्न : आमच्या घरी लवकरच बारसे आहे आणि बाळाच्या आत्याने, म्हणजे माझ्या नणंदेने, ‘सोयरा’ हे नाव सुचवले आहे. मला नाव आवडले. पण घरात त्यावर एकमत होत नाही. सासूबाईंचे म्हणणे असे, की “सोयरा म्हंजे पाव्हणा की, त्ये पोरीचं नाव कसं हुईल?” सासऱ्यांचा आक्षेप वेगळा आहे, त्यांना हे नाव ऐकताच रायगडावरचा कलह आठवतो. यजमानांच्या एका सहकाऱ्याने हे फारसी नाव असून त्याचा अर्थ ताऱ्यांचा पुंजका असा सांगितला, त्यामुळे गोंधळ वाढला. नावाचा खरा अर्थ काय, ते स्त्रीलिंगी मानता येईल काय आणि पूर्वी ते कोणाकोणाचे होते, हे जाणकारांनी कृपया सांगावे. आम्ही कोल्हापूरचेच आहोत.

उत्तर : फारसी अर्थाचा मुद्दा आधी बाजूला करू, कारण तो लवकर सुटतो. अरबीत कृत्तिका नक्षत्राला जो शब्द आहे, त्यावरून ‘सुरैया’ आणि फारसी उच्चाराने ‘सोराया’ ही नावे झाली. कानाला ती ‘सोयरा’च्या जवळची वाटतात, एवढाच त्यांचा संबंध. ‘सोयरा’ हा अस्सल मराठी शब्द आहे.

त्याचे मूळ संस्कृत ‘सोदर’ या शब्दात आहे. ‘सोदर’ म्हणजे ज्यांचे उदर एक आहे तो, एका आईच्या पोटचा. ‘सहोदर’ हे त्याचेच अधिक परिचित रूप. प्राकृतात दोन स्वरांमधला ‘द’ गळतो आणि मराठीत त्या जागी पुष्कळदा ‘य’ येऊन बसतो किंवा दोन्ही स्वर एकमेकांत मिसळतात. ‘पाद’चा ‘पाय’ झाला आणि ‘कदली’ची ‘केळ’ झाली ती याच वाटेने, आणि ‘सोदर’चा ‘सोअर’ व पुढे ‘सोयरा’ झाला तोही याच वाटेने. ध्वनींचा हा प्रवास सरळ आहे. अर्थाने मात्र मोठे वळण घेतले आहे. मुळात जो शब्द सख्ख्या भावंडाचा होता, तो मराठीत नेमका लग्नसंबंधाने जोडल्या गेलेल्या माणसाचा झाला. आज आपण ‘भाऊबंद’ एका बाजूला आणि ‘सोयरे’ दुसऱ्या बाजूला ठेवतो, कारण जिथे भाऊबंदकी असते तिथे सोयरीक होऊ शकत नाही. एका पोटचा असे सांगणारा शब्द एका कुळाचाही नसलेल्या माणसाला लागावा, ही गंमत मला या शब्दाच्या इतिहासातील सर्वांत लक्षणीय गोष्ट वाटते. परक्या घरच्या माणसाला आपल्या पोटच्या भावंडाइतके जवळचे मानायचे, म्हणून आदराने भावंडाचा शब्द त्याला दिला गेला असावा, असे माझे मत आहे.

‘सोय जाणे तो सोयरा’ ही म्हण सर्वांना ठाऊक आहे आणि तिच्यावरून पुष्कळ जण ‘सोयरा’ची व्युत्पत्ती ‘सोय’ या शब्दाशी लावतात. म्हण उत्तम आहे, परंतु ती व्युत्पत्ती नव्हे. नात्याने सोयरा असलेल्याने वागण्यानेही तसे असावे, हा उपदेश त्यात शब्दांच्या सारखेपणावर बेतलेला आहे.

शंका : ‘सोयरसुतक’ या शब्दातील ‘सोयर’ तोच आहे काय? तसे असेल तर बारशाच्या तोंडावर हे नाव घरातील वडीलधाऱ्यांना रुचणार नाही.

उत्तर : नाही. तेथील ‘सोयर’ हा निराळा नपुंसकलिंगी शब्द आहे. घरात मूल जन्मले की पाळण्यात येणाऱ्या अशौचाला ‘सोयर’ किंवा ‘सुवेर’ म्हणतात आणि मृत्यूनंतरच्या अशौचाला ‘सुतक’. ज्याच्याशी आपले यांपैकी एकही नाते नाही, त्याच्याविषयी ‘मला त्याचे सोयरसुतक नाही’ असे आपण म्हणतो. ‘सोयरा’ आणि ‘सोयर’ यांचा उच्चार शेजारचा असला, तरी त्यांचे कूळ वेगळे आहे.

आता सासूबाईंच्या आक्षेपाकडे येऊ, कारण व्याकरणाच्या दृष्टीने तो बिनतोड आहे आणि त्याला उत्तरही व्याकरणातच आहे. ‘सोयरा’ हे सामान्यनाम पुल्लिंगी आहे, अनेकवचन ‘सोयरे’. त्याच्या शेवटी असलेला ‘आ’ हा संस्कृतातील ‘माला’, ‘शाला’ यांसारखा स्त्रीलिंगी ‘आ’ नव्हे. ‘घोटक’चा ‘घोडा’ होताना जो ‘आ’ आला, तो हा मराठी पुल्लिंगी ‘आ’ आहे. परंतु असा ‘आ’ असलेले शब्द बायकांची नावे म्हणून वापरण्याची मराठीची जुनी रीत आहे. ‘हिरा’ पुल्लिंगी, तरी हिराबाई शेकड्यांनी सापडतील. ‘पुतळा’ पुल्लिंगी, आणि शिवछत्रपतींच्या एका राणीचे नाव पुतळाबाई. कोल्हापूरकरांना तर आणखी जवळचे उदाहरण आहे: आकाशातला तारा मराठीत पुल्लिंगी (‘तारा तुटला’ असे आपण म्हणतो), पण संस्कृतातील ‘तारा’ स्त्रीलिंगी असल्याने ताराराणींच्या नावाबद्दल कोणालाच शंका येत नाही. अंत्य ‘आ’ ऐकला की नावाच्या बाबतीत मराठी कान तो स्त्रीलिंगी धरतो, मग शब्दकोश काहीही म्हणो.

वापरात मात्र एक पथ्य पाळावे लागते. सामान्यनामाचे सामान्यरूप ‘सोयऱ्या’ असे होते: सोयऱ्याला, सोयऱ्याने, सोयऱ्याचा. विशेषनामाचे तसे होत नाही. ‘सोयराला खाऊ दिला’, ‘सोयराचे बारसे’ असे लिहावे आणि बोलावे. ‘हिऱ्याला पैलू पाडले’ आणि ‘हिराला बोलाव’ यांत जो भेद आपण न शिकता पाळतो, तोच येथे आहे. जुन्या वळणाचे लोक ‘सीतेला’, ‘तारेला’ यांच्या धर्तीवर ‘सोयरेला’ म्हणतील. तेही शुद्ध आहे, फक्त आता कमी ऐकू येते.

शंका : स्त्रीलिंगी रूप ‘सोयरी’ असे नको काय? ‘वृक्षवल्ली आम्हां सोयरीं’ असे तुकोबांनीच म्हटले आहे.

उत्तर : त्या ‘सोयरीं’वर अनुस्वार आहे. ते स्त्रीलिंगी एकवचन नसून नपुंसकलिंगी अनेकवचन आहे, पुढच्या ‘वनचरें’प्रमाणेच. निरनिराळ्या लिंगांचा समुदाय एकत्र सांगताना मराठी नपुंसकलिंगाकडे वळते. आपणही ‘आई, बाबा आणि मुले अशी सगळी आली’ असेच म्हणतो. त्या चरणाचा उपयोग वेगळ्याच कारणासाठी आहे. झाडे आणि वेली यांच्याशी कोणाची लग्ने होत नाहीत. म्हणजे सतराव्या शतकात ‘सोयरा’ या शब्दाला लग्नसंबंधापलीकडचा, जिवलग असा अर्थही होता. मुलीच्या नावात हाच अर्थ घ्यावा, असे मी सुचवीन.

नाव म्हणून ‘सोयरा’ त्याहूनही जुने आहे. चोखामेळ्यांची पत्नी संत सोयराबाई या चौदाव्या शतकातील. मंगळवेढ्याला गावकुसाची भिंत कोसळून चोखोबा वारले ते 1338 साली, त्यावरून या कुटुंबाचा काळ ठरतो. ‘अवघा रंग एक झाला’ हा सोयराबाईंचा अभंग आज मैफलींतून सर्वत्र ऐकू येतो, परंतु तो ऐकणाऱ्या पुष्कळांना तो कोणाचा हे ठाऊक नसते, आणि याला थोडे कारण खुद्द अभंगातच आहे: त्यांच्या बहुतेक अभंगांच्या शेवटी ‘चोख्याची महारी’ अशी नाममुद्रा येते. जातीने ज्यांना देवळाच्या बाहेर उभे केले, त्या घरातील स्त्रीने आपली ओळख नवऱ्याच्या आणि जातीच्या शब्दांत नोंदवावी आणि त्याच जोरावर देवाला जाब विचारावा, हे त्या काळातील मोठे धैर्य होते. तिचे स्वतःचे नाव मात्र नात्याचा शब्द होता, तेही जिव्हाळ्याच्या नात्याचा.

यानंतर सुमारे तीन शतकांनी हेच नाव तळबीडच्या मोहिते घराण्यात, म्हणजे शिवछत्रपतींच्या राणी सोयराबाई यांच्या माहेरी, दिसते. म्हणजे मंगळवेढ्याच्या गावकुसाबाहेर आणि सरदाराच्या वाड्यात एकच नाव चालत होते. जातींच्या भिंती नावांतूनही दिसत असताना असे उदाहरण दुर्मिळ आहे. मोहिते आणि भोसले यांची सोयरीक जुळावी म्हणून मुलीला हे नाव दिले असावे, असे कोणी चतुराईने सांगेल. पण संत सोयराबाईंचे उदाहरण समोर असताना त्या तर्काची गरज उरत नाही. नाव आधीपासून प्रचारात होते.

नात्याच्या शब्दांवरून नाव ठेवणे ही आपल्याकडील सर्वसामान्य प्रथा आहे. शिवछत्रपतींच्या पहिल्या राणीचे ‘सई’ हे नाव ‘सखी’ या शब्दापासून आले आहे; एका घरात एक सखी आणि एक सोयरा अशा दोन राण्या होत्या. कोल्हापूर आणि सांगली भागांत मागच्या पिढीतील आक्काताई मतदार यादीतही आक्काताईच असत आणि पुरुषांत दाजी, बापू, आण्णा हीच पाळण्यातली नावे असत.

भर : येथे बोलीचा एक मुद्दा जोडावासा वाटतो. सासूबाईंनी ‘सोयरा म्हणजे पाव्हणा’ असे सांगितले ते कोल्हापुरी बोलीला धरून आहे. आपल्याकडे लग्नसंबंधाच्या नात्याला ‘पाव्हणं’ म्हणतात. ‘त्यो आमचा पाव्हणा लागतो’ याचा अर्थ तो जेवायला आला आहे असा नव्हे. ‘सोयरीक’ हा शब्द मात्र रोजच्या बोलण्यात टिकून आहे. सोयरीक जुळते आणि मोडतेही. घाट उतरून कोकणीच्या प्रदेशात गेले, की गोष्ट उलटी होते: तेथे ‘सोयरो’ म्हणजे नातेवाईक आणि पाहुणाही. एकीकडे पाहुण्याच्या शब्दाने सोयऱ्याची जागा घेतली आणि दुसरीकडे सोयऱ्याच्या शब्दाने पाहुण्याची.

‘सगेसोयरे’ हा जोडशब्द तर मराठा आरक्षणाच्या प्रश्नात थेट सरकारी मसुद्यात गेला. 26 जानेवारी 2024 च्या अधिसूचनेच्या मसुद्यात त्याची व्याख्या करण्याचा प्रयत्न झाला आणि वडील, आजोबा, पणजोबा व त्यापूर्वीच्या पिढ्यांत जातीअंतर्गत लग्नांतून झालेले नातेवाईक त्यात आणले गेले. लग्नपत्रिकेवर आपण जो शब्द सहज छापतो, त्याच्या कक्षेवरून पुढे किती वाद झाला, हे सर्वांनी पाहिले आहे.

उत्तर : राहिला सासऱ्यांचा आक्षेप. 3 एप्रिल 1680 रोजी शिवछत्रपतींचे रायगडावर निधन झाल्यावर काही कारभाऱ्यांनी दहा वर्षांच्या राजारामांना मंचकावर बसवले, सोयराबाईंचे सख्खे भाऊ सरनौबत हंबीरराव मोहिते यांनी संभाजीराजांची बाजू घेतली आणि 1681 मध्ये सोयराबाईंचा अंत झाला. एवढे घडले आहे. त्यावर पुढे बखरी, नाटके आणि कादंबऱ्या यांनी कपटी सावत्र आईचे जे चित्र चढवले, ते मराठी मनात इतके घट्ट बसले आहे की नाव उच्चारताच तेच आठवते. 6 जून 1674 रोजी राज्याभिषेकाला महाराजांच्या शेजारी पट्टराणी म्हणून बसलेल्या सोयराबाईच होत्या, हे त्या मानाने कोणी सांगत नाही. नाव मागे पडण्यात या प्रतिमेचा वाटा असावा. मात्र मला दुसरे कारण अधिक पटते. ‘सई’ म्हटल्यावर आज कोणाला ‘सखी’ आठवत नाही, त्यामुळे ते निव्वळ नाव म्हणून सुटसुटीत झाले. ‘सोयरा’ हा शब्द मात्र व्यवहारात जिवंत राहिला आणि ज्या शब्दाचा अर्थ समोर दिसतो, ते नाव म्हणून हाक मारताना लोक अडखळतात. सासूबाई अडखळल्या त्या त्यामुळेच.

कोल्हापूरच्या माणसाने हे नाव टाळावे, यात मात्र मला विशेष विसंगती दिसते. ज्यांच्या नावाने आपल्या गावात ताराबाई पार्क आहे, त्या महाराणी ताराबाई हंबीररावांच्या कन्या, म्हणजे सोयराबाईंच्या भाची. आणि राजारामांशी, म्हणजे आत्याच्या मुलाशी, लग्न झाल्याने त्यांच्या सूनही. पन्हाळा आणि कोल्हापूर येथील गादीवर आरंभी बसले ते ताराबाईंचे पुत्र शिवाजी, आणि 1714 नंतर राजसबाईंचे पुत्र संभाजी. दोघेही राजारामांचे मुलगे, अर्थात सोयराबाईंचे नातू. सासऱ्यांना हे सांगून पाहावे.

लेखनाविषयी एवढेच, की जन्मनोंदीत ‘सोयरा’ असेच लिहावे. ‘सोईरा’, ‘सोहिरा’ ही रूपे काही जण नावीन्यासाठी सुचवतात, परंतु त्यांनी मूळ शब्द अकारण झाकला जातो. ‘बाई’ जोडण्याची आज गरज नाही; ते पद वयाबरोबर आणि मानाबरोबर येते. इंग्रजी स्पेलिंग ठरवताना मात्र ‘य’ आणि ‘र’ यांचा क्रम नीट तपासून घ्यावा, नाहीतर शाळेच्या दाखल्यावर ती ‘सोराया’ होईल आणि यजमानांचे सहकारी बरोबर ठरतील.