वाड्यातला जिना, उलट चाल आणि दाणेदार अंधार: प्रायोगिक भयपटासाठी मदत हवी

जिनाचित्र:
मंडळी, कॉलेजसाठी ६ मिनिटांची प्रायोगिक भय-शॉर्टफिल्म करतोय. संवाद नाहीत. सदाशिव पेठेतला जुना वाडा, अरुंद लाकडी जिना, कॅमेरा वर माडीच्या तोंडाशी. नऊवारीतली बाई खालून वर येते, असं तीन वेळा. प्रत्यक्षात ती उलट पावलांनी खाली उतरणार आणि एडिटला शॉट उलटा फिरवायचा. चाचणीत तीन गोष्टी खटकल्या: आयएसओ (सेन्सरची उजेडाला संवेदनशीलता) ६४०० वर अंधारात नुसते दाणे, मागच्या भिंतीवर पट्टे, आणि चाल भीतीदायक न वाटता फक्त विचित्र वाटते. मिररलेस कॅमेरा, ८ बिट, ५० मिमी एफ १.८ लेन्स. लाइट कुठे आणि किती लावू?

तिसरीफ्रेम:
अंधार दाखवायचा तर आधी उजेड करावा लागतो. उजेडच नसेल तर सावलीत सेन्सरला काही मिळत नाही, आणि आयएसओ चढवला की तेच रिकामेपण दाणे होऊन दिसतं. आयएसओ ८०० ला आणा. जिन्याच्या पायथ्याशी, कोपऱ्याआड एक लाइट ठेवा, म्हणजे बाईच्या खांद्याची आणि डोक्याची कड उजळेल आणि चेहरा काळा राहील. वरच्या बाजूला थर्माकोलचा एक तुकडा धरला की चेहऱ्यावर पुरेसा परतीचा उजेड येतो. शूट करताना हवं त्यापेक्षा एक स्टॉप (म्हणजे दुप्पट उजेड) उजळ ठेवा आणि ग्रेडिंगला, म्हणजे एडिटमध्ये रंग-उजेड ठरवताना, खाली ओढा.

तापकीर गल्लीत, विजेच्या सामानाच्या बाजारात, मिळणारे साधे एलईडी फ्लडलाइट चालतील, पण आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे स्वस्त दिवा सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतो. सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० शटर (प्रत्येक फ्रेमला सेकंदाचा पन्नासावा भाग उजेड) ठेवलं तर ते दिसत नाही. २४ फ्रेम ठेवल्या तर सरकते पट्टे येऊ शकतात. हॅलोजन आणणार असाल तर १००० वॅटचा एक दिवा सव्वाचार अँपिअर ओढतो. वाड्याच्या जुन्या वायरिंगवर एका प्लगला दोन लावलेत की फ्यूज गेलाच.

भिंतीवरच्या पट्ट्यांचं कारण वेगळं. ८ बिटमध्ये प्रत्येक रंगाला २५६ पायऱ्या, त्यातल्या अंधाराच्या वाट्याला थोड्याच. गुळगुळीत रंगवलेल्या भिंतीवर उजेड हळूहळू विरतो तिथे त्या पायऱ्या उघड्या पडतात. पोपडे आलेली भिंत निवडा, किंवा खिडकीच्या गजांची सावली पाडा. एक्स्पोर्टच्या आधी बारीक ग्रेन (कृत्रिम दाणे) टाका आणि बिटरेट, म्हणजे दर सेकंदाला साठवला जाणारा डेटा, वाढवा.

उलटीरीळ:
चालीबद्दल. उलट्या शॉटमध्ये पावलं बऱ्यापैकी सरळ चालल्यासारखीच दिसतात. खरा फरक कापडात असतो. मागे उतरताना पदर अंगाच्या मागून रेंगाळत येतो. शॉट फिरवला की तोच पदर आधी पुढे सरकतो आणि बाई त्याच्यामागून येते. भीती तिथे आहे, म्हणून पदर सैल सोडा, केस मोकळे ठेवा आणि फ्रेम कमरेपासून वर घ्या. पावलं दाखवत बसलात की प्रेक्षक युक्ती शोधायला लागतो. उदबत्ती फ्रेममध्ये असेल तर तिचा धूर वरून खाली येऊन काडीत शिरताना दिसेल. तिसऱ्या फेरीला मुद्दाम वापरा, पहिल्या दोनात अजिबात नको.

जिना उभा असतो आणि पायऱ्या अरुंद. भरपूर उजेडात पाच-सहा तालमी करा, नऊवारीचा काठ घोट्याच्या वर खोचा आणि फ्रेमबाहेर खाली एक माणूस आधाराला ठेवा. उलट उतरताना नजर खाली जाते, आणि ती गेली की चेहरा हरवतो. म्हणून लेन्सच्या वर टेपचा तुकडा चिकटवून तिथे बघायला सांगा.

तीन फेऱ्यांसाठी माया डेरेन आणि अलेक्झांडर हमीद यांची १९४३ ची प्रायोगिक शॉर्टफिल्म 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' बघाच. साधारण १४ मिनिटांची, मुळात मूक, संगीत १९५९ ला जोडलेलं. एकच घटना पुन्हा पुन्हा येते आणि दर वेळी काहीतरी बदलतं.

जिनाचित्र:
धन्यवाद! शटर १/५० पेक्षा हळू ठेवलं तर?

उलटीरीळ:
या शॉटला तेच करा. कॅमेऱ्यात सोय असेल तर २५ फ्रेमलाच १/६ शटर. तीन स्टॉप उजेड जास्त मिळतो, म्हणजे ६४०० चं काम ८०० वर होतं. कॅमेरा एकच चित्र साधारण चार फ्रेम धरून ठेवतो, म्हणून हालचाल ठेचकाळत येते. बाईला दोन पायऱ्या चालून दोन सेकंद पुतळ्यासारखं थांबायला सांगा. चालताना चेहरा पुसला जातो, थांबली की जमून येतो. ट्रायपॉड हवाच, आणि माडीच्या फळ्यांवर कुणी हलायचं नाही, नाहीतर सगळी फ्रेम पुसली जाते.

खोलीचाआवाज:
आवाज राहिला. निम्मी भीती तिथे असते. खोलीचा नुसता आवाज दोन मिनिटं घ्या, पहाटे तीनच्या सुमारास, पंखा, फ्रीज, इन्व्हर्टर बंद करून. शांततेच्या जागी हाच ट्रॅक चालू राहू द्या. तिथे कोरा ट्रॅक ठेवलात तर आवाज गेला असं वाटतं.

जिन्याची करकर वेगळी रेकॉर्ड करा, माइक फळीपासून वीतभर, रेकॉर्डरच्या मीटरवर सगळ्यात मोठा आवाज (पीक) उणे १२ डीबीच्या आसपास. ९६ किलोहर्ट्झ सॅम्पल रेटवर (सेकंदाला ९६ हजार नमुने) घेतलीत तर निम्म्या वेगाला लावल्यावरही धार टिकते. ही करकर उलटी करू नका. उलटा आवाज फसफसत वाढतो आणि एकदम तुटतो, लाकडाचं वजन जातं. सरळच ठेवा आणि पाऊल टेकायच्या तीन-चार फ्रेम आधी वाजवा.

खालचा घुमारा ४० हर्ट्झवर एकटा ठेवलात तर मोबाइलवर काहीच ऐकू येणार नाही. त्याच्यावर १६० ते ३०० हर्ट्झच्या पट्ट्यातल्या आवाजाची हलकीशी जोड द्या. अंतिम मिक्स हेडफोनवर एकदा आणि मोबाइलच्या स्पीकरवर एकदा ऐका.