साडेआठ फुटांवर ५५ इंची टीव्ही: मोठा होतो का?

हॉलकर:
तीन आठवडे घरात एकच वाद चाललाय. डोंबिवलीतला वन बीएचके, हॉल १० बाय १४. टीव्ही आणि सोफा लांब भिंतींना, समोरासमोर. जुना ३२ इंची गेला (पडद्यावर उभी हिरवी रेघ, दुरुस्तीचा खर्च ऐकून हात जोडले). मला ५५ हवाय, बाबा म्हणतात ४३ च्या वर नको, डोळ्यांवर येईल. काल टेप घेऊन मोजलं. भिंत ते भिंत १० फूट, पण सोफ्याला टेकून बसलं की डोळे ते पडदा साडेआठच. माझं मत स्पष्ट आहे: आपण अजून २१ इंची डब्याच्या काळातली अंतरं धरून बसलोय. बोला.

पहिली_रांग:
५५ घ्याच. जमलं तर ६५. पडद्याने नजरेतला साधारण ३० अंशांचा कोन भरावा हा जुना मापदंड, आणि सिनेमासारखं हवं असेल तर ४०. ५५ इंच हे कोपरा ते कोपरा तिरकं माप, रुंदी १२२ सेंमी. ३० अंशांसाठी साडेसात फुटांवर बसायचं, ४० साठी साडेपाच. तुमच्या साडेआठ फुटांवर ५५ जेमतेम २६ अंश भरतो. ४३ घेतलात तर २१, म्हणजे खिडकीतून शेजाऱ्यांचा टीव्ही बघितल्यासारखं.

मापात_पाप:
कोन काढलात, पण त्या घरात बघतात काय ते विचारलंत का? बाबा केबलवरच्या साध्या एसडी वाहिन्या बघत असतील तर चित्र ५७६ ओळींचं. ५५ इंचीची उंची साडेअडुसष्ट सेंमी, म्हणजे एकेक ओळ १.२ मिमी जाड. धडधाकट डोळ्याला अंशाच्या साठाव्या भागाइतका तपशील वेगळा दिसतो. त्या हिशोबाने या ओळी एकमेकींत मिसळायला १३ फूट मागे जावं लागेल. १० फुटी हॉलमध्ये! भिंत फोडून शेजारच्यांच्या ओट्यापाशी खुर्ची टाका मग. ४३ वरही साडेदहा फूट लागतात, पण निदान ओळी बारीक दिसतात.

आणि फोर-केचे (फुल एचडीच्या चौपट ठिपके) जादा पैसे मोजणार असाल तर हेही ऐका. ५५ वर फुल एचडीचे ठिपके सात फुटांपलीकडे तसेही वेगळे दिसत नाहीत. साडेआठवर बसून फोर-के आणि फुल एचडीतला बारकावा ओळखून दाखवा, वडापाव माझ्याकडून.

पहिली_रांग:
@मापात_पाप, तुमचाच आकडा तुमच्यावर उलटतोय. फरक दिसत नाही म्हणजे पडदा लहान पडतोय. ६५ ला ती सीमा बरोबर साडेआठ फुटांवर येते. शिवाय वाहिनी उद्या बदलेल, एसडीची एचडी करून घेता येते. टीव्ही सात-आठ वर्षं भिंतीवर राहणार.

मापात_पाप:
वाहिनी बदलेल, बाबा बदलणार आहेत का?

दोघांची_आई:
"डोळ्यांवर येईल" याबद्दल थोडं. जवळून टीव्ही बघून डोळे कायमचे बिघडतात ही समजूत आमच्याकडेही होती. धाकटा सारखा तीन फुटांवर जाऊन बसायचा, आम्ही ओरडून मागे ओढायचो. शाळेच्या तपासणीत वजा एक नंबर निघाला. तो जवळ बसून नंबर आला नव्हता, नंबर होता म्हणून बिचारा जवळ बसत होता. चष्मा लागला आणि स्वतःहून सोफ्यावर आला. डोळे कोरडे पडतात, थकतात ते खरं, कारण टक लावून बघताना पापण्या कमी मिटतात. ते ४३ वरही होतं. खोलीत अंधार करून बघू नका, एवढं पाळा.

दिवाणावरून:
मी बाबांच्या बाजूने. हॉल म्हणजे थिएटर नाही. तिथे पाहुणे बसतात, मुलं अभ्यास करतात, कोणी भाजी निवडतं. भिंतीवर चार फुटी काळी काच आली की टीव्ही बंद असतानाही तोच दिसतो. बहिणीकडे मोठा टीव्ही आहे, तिथे अर्ध्या तासात माझं डोकं धरतं.

पहिली_रांग:
ताई, बहिणीकडे टीव्ही किती उंचीवर आहे?

दिवाणावरून:
दाराच्या चौकटीच्या रेषेत. खाली शोकेस आहे ना.

पहिली_रांग:
मग डोकं मानेमुळे धरतंय. सोफ्यावर बसलं की डोळे जमिनीपासून साडेतीन फुटांच्या आसपास येतात, पडद्याचा मध्य तिथेच हवा. जवळच्या मोठ्या पडद्याला उंची चुकली तर जास्त जाचते, हे मात्र मान्य.

दिवाणावरून:
आणि आम्ही जेवायला खाली बसतो, तेव्हा डोळे अडीच फुटांवर. रोज रात्री स्टँड खालीवर करू का? तुमची गणितं सोफ्यावर स्थिर बसलेल्या एकाच माणसाची आहेत. आमच्याकडे एक दिवाणावर आडवा, एक दारात उभा.

दोघांची_आई:
@हॉलकर, रद्दीचे कागद जोडून १२२ बाय ६९ सेंमीचा तुकडा करा आणि भिंतीवर चिकटवून दोन दिवस ठेवा. बाबांना बघू दे. आकड्यांवरून भांडण्यापेक्षा बरं.

हॉलकर:
चिकटवला. पहिल्या दिवशी बाबा बघत राहिले, दुसऱ्या दिवशी म्हणाले, "एवढा काही मोठा वाटत नाही." तेवढ्यात मला जाणवलं की कागद मी रिकाम्या भिंतीवर लावलाय. टीव्ही बसणार आहे फर्निचरच्या खणात. खण मोजला: बरोबर ४ फूट, म्हणजे १२१.९ सेंमी. कडेच्या पट्ट्यांसकट ५५ इंची भरतो १२३.

मापात_पाप:
हा हा. एका सेंटिमीटरने बाबा जिंकले.

पहिली_रांग:
सुताराला बोलवा. एका बाजूची फळी काढायला अर्धा तास लागतो.

हॉलकर:
त्या फळीत आईचे कप आहेत.