जुन्या रॉक संकलनांचा लो एंड (किक-बेसचे खोल स्वर) नव्याने बांधावा का?

मंद्र_सप्तक
बीटल्सचं लाल संकलन (१९६२ ते १९६६ची गाणी) १९७३ साली निघालं. २०२३च्या आवृत्तीत २६ची ३८ गाणी झाली, आणि त्यात जाइल्स मार्टिन व सॅम ओकेल यांची नवी मिक्स (वाद्यं आणि आवाज यांची नव्याने केलेली जुळणी) आली. माझ्या मते संकलन काढायचं तर असंच काढावं. मूळ अल्बमची गोष्ट वेगळी. संकलनात वेगवेगळ्या वर्षांची गाणी एकाच बैठकीत ऐकली जातात आणि किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम) आणि बेस गिटार यांच्या वजनातली तफावत लगेच कानाला लागते. ‘शी लव्हज यू’मध्ये किक जवळजवळ ताडावी लागते, ‘पेपरबॅक रायटर’चा बेस अंगावर येतो. नुसत्या मास्टरिंगने (तयार मिक्सवरच्या शेवटच्या हाताने) हे जुळत नाही. तयार मिक्समध्ये ६० हर्ट्झ उचललं की किकबरोबर बेसही फुगतो आणि नुसती गुरगुर उरते. आता डीमिक्सिंगमुळे एकाच ट्रॅकवर अडकलेले ड्रम्स, बेस, गिटार सुटे करता येतात. मग का करू नयेत?

चौथी_तार
अजिबात पटलं नाही. ही तफावतच तर ऐकायची आहे! एप्रिल १९६६मध्ये ‘पेपरबॅक रायटर’साठी ध्वनिअभियंते जेफ एमरिक यांनी बेसच्या अँपसमोर मायक्रोफोन म्हणून चक्क एक लाउडस्पीकर ठेवला. तोवर ईएमआयमध्ये (बीटल्सच्या रेकॉर्ड कंपनीत) बेस हात राखूनच भरायचे, कारण खोल स्वर जास्त झाले तर तबकडीवर सुई उडेल अशी धास्ती होती. त्याच सुमारास रिंगोच्या किकमध्ये लोकरी स्वेटर कोंबून माइक अगदी जवळ आणला गेला. १९६३चं गाणंही तेवढंच वजनदार केलंत तर ही झेप ऐकू कशी येणार?

आणि साधनांचं म्हणाल तर मी स्वतः बँडमध्ये बेस वाजवते. किक-बेस एकमेकांना झाकायला लागले की लोक डोळे झाकून साइडचेन लावतात. किक पडली की कंप्रेसर बेसला क्षणभर खाली दाबतो. डान्स म्युझिकमध्ये ते छान लागतं. रॉकमध्ये बेसवादकाने आपली नोट किकच्या किंचित मागे ठेवलेली असते, गाण्याच्या तालाचं झुलणं (ग्रूव्ह) तिथेच असतं. कंप्रेसर नेमकी त्या नोटेची सुरुवात खातो.

तबकडी
सुईचं बरोबर आहे. पण तुम्ही जपायचं म्हणता ते नेमकं कुठलं मिक्स? ‘ड्राइव्ह माय कार’च्या १९६५च्या स्टिरिओत ड्रम्स आणि बेस एका कानात, गायन दुसऱ्या कानात. हेडफोनवर ऐकवत नाही. तेव्हा खरी मेहनत मोनोवर (दोन्ही कानांत एकच आवाज) व्हायची, स्टिरिओ नंतर झटपट उरकायचे. खुद्द बीटल्सचे निर्माते जॉर्ज मार्टिन यांनी १९८७च्या सीडीसाठी ‘रबर सोल’ हा अल्बम पुन्हा मिक्स केला होता. निर्मात्यालाच ते पवित्र वाटत नव्हतं.

चौथी_तार
मग मोनो द्या की! ते त्या लोकांनीच कान लावून केलेलं आहे.

मंद्र_सप्तक
मोनो मलाही आवडतो, पण त्याने ‘शी लव्हज यू’ची किक सापडणार नाही.

साइडचेनबद्दल तुमच्याशी सहमत. पण तेवढंच एक हत्यार नाही. बेसची खालची ई तार सुमारे ४१ हर्ट्झला, किकचा धक्का साधारण ५० ते ८०च्या पट्ट्यात. आधी दोन्हींची पोलॅरिटी (ध्वनिलहर वर जाते की खाली, ती दिशा) तपासायची. ती उलटी असेल तर दोघं एकमेकांना खातात आणि मग कितीही ईक्यू (ठरावीक पट्टे कमी-जास्त करण्याचं साधन) फिरवा, तळ पोकळच राहतो. त्यानंतर किकला ६०च्या आसपास जागा द्यायची आणि बेसवर तिथे डायनॅमिक ईक्यू लावायचा, म्हणजे फुगेल तेव्हाच दोनेक डेसिबल खाली येईल. वाजवण्याच्या वेळेला धक्काही लागत नाही.

हेडफोनवाली
बरेच लोक फोनच्या स्पीकरवर ऐकतात. तिथे ४१ काय, ८० हर्ट्झही धड येत नाही. बेस कळतो तो ७००-८००च्या आसपास, तारेवर बोट लागल्याच्या आवाजाने. तुम्ही दोघं ज्या पट्ट्यावरून वाद घालताय तो त्यांच्यापर्यंत पोचतच नाही.

चौथी_तार
हेडफोनवाली, हे मात्र पटलं. म्हणजे बेस स्पष्ट करायला मधला पट्टा थोडा उचलला तरी पुरे, आणि ते डीमिक्स न करता, मास्टरिंगमध्येही होतं. मंद्र_सप्तक, मी घरी एका जुन्या गाण्याची किक सॉफ्टवेअरने सुटी करून एकटीच ऐकली. प्रत्येक ठोक्यामागे झांजेची कुरकुर आणि अर्धवट कापलेला गायकाचा आवाज होता. मोठ्या स्टुडिओंची साधनं माझ्यापेक्षा कितीतरी सरस आहेत, हे मान्य. तरीही १९६३च्या किकला हात लावायला माझा विरोध कायम आहे.